वाक्याखालचं नाव

११ फेब्रुवारी

ताई,

पाकिटावरचं माझं अक्षर ओळखून तू हे न फोडताच ड्रॉवरमध्ये टाकशील, म्हणून पाकिटाच्या मागे ठळक अक्षरांत "आई बरी आहे" असं लिहिलंय. पोस्टातल्या सगळ्यांनी ते वाचलं असणार. वाचू देत. चांगलीच बातमी आहे.

आई बरी आहे. म्हणजे आता बरी आहे, गुरुवारी सकाळी नव्हती. चहाचा कप उचलायला गेली आणि उजवा हात उठेचना. माझी बायको समोरच बसली होती. तिने आईला विचारलं, "काय होतंय?" तर आईच्या तोंडून नुसतं "त... त..." आलं. मी दुकानात एका गिऱ्हाइकाच्या नाकावर चष्म्याची फ्रेम बसवत होतो. हिचा फोन आला आणि मी तसाच निघालो. फ्रेम त्याच्या नाकावर राहिली आणि शटर उघडंच राहिलं. तो बिचारा मी परत येईपर्यंत दुकान राखत बसला होता.

डोक्यात गुठळी झाली होती. डॉक्टर म्हणाले, "वेळेत आणलंत." ताई, हे दोनच शब्द, पण ते मी डॉक्टरांना पुन्हा म्हणायला लावले. ही म्हणते मी रडलो. ही काहीही म्हणते.

तुझा जुना फोन नंबर लागत नाही. पत्ता तुझ्या प्रकाशकांच्या कचेरीतून मिळवला. तिथल्या बाई आधी देईनात, मग "आई" म्हटल्यावर दिला.

तू यावंस असं मी म्हणत नाहीये. फक्त कळवतोय. बाहेरच्या खोलीतला पलंग रिकामा असतो, हेही असंच आपलं कळवतोय.

धाकटा


२४ फेब्रुवारी

ताई,

उत्तर नाही. ठीक आहे. पत्र परतही आलेलं नाही, म्हणजे ड्रॉवरपर्यंत तरी पोचलं.

आई घरी आली. काठी घेऊन चालते, काठीवर चिडते, हिच्यावर चिडते, म्हणजे तब्येत सुधारतेय. हातही हळूहळू वळायला लागलाय. गेलंय ते बोलणं. डोकं शाबूत आहे, सगळं कळतं, सगळ्यांना ओळखते, पण शब्द येत नाही. "पाणी" म्हणायला जाते आणि "प" वर गाडी अडते. मग माझ्याकडे अशी बघते की जणू शब्द मीच कुठेतरी ठेवून विसरलोय. जन्मभर भाषा शिकवलेली बाई, ताई. मला बघवत नव्हतं.

नव्हतं म्हणालो, कारण पुढचं ऐक. दवाखान्यातून सोडायच्या दिवशी नर्सने शेवटची सुई टोचली. आई खणखणीत आवाजात म्हणाली, "सत्तेला उत्तर देताना आवाज चढवू नये, शब्द चढवावेत." वर कोण म्हणालं, कोणत्या ग्रंथात, कोणत्या प्रकरणात, सगळं. नर्सच्या हातातला ट्रे पडायचा राहिला.

आता घरी एक थेरपिस्ट बाई येतात, बोलणं शिकवायला. त्यांनी समजावलं की पाठ केलेलं वेगळ्या कप्प्यात असतं, म्हणून बोलणं गेलेली माणसंही गाणी म्हणतात, आकडे मोजतात, शिव्या देतात. आईला शिव्या येत नाहीत, म्हणून विचारवंत उरले. रोज शाळेच्या फळ्यावर एक वाक्य आणि खाली कोणाचं ते, इतकी वर्षं लिहिलं, ते सगळंच्या सगळं शिल्लक आहे. आता तिचा संसार त्यावर चाललाय. शेजारच्या काकू तब्येत विचारायला येऊन उठेचनात, तेव्हा आईने डोळे मिटून सांगितलं, "मौन ही अशी भाषा आहे, जिचं व्याकरण फार थोड्यांना येतं." काकूंना फारच आवडलं. त्यांनी लिहून घेतलं आणि आणखी थोडा वेळ बसल्या.

आणि आई ते बोट अजून वर करते. तुला माहीतच आहे कुठलं. आपण जेवताना एखादं भारी वाक्य टाकलं की तर्जनी वर जायची, म्हणजे "कोण म्हणालं?" आणि सांगता आलं नाही तर वाक्य मागे घ्यावं लागायचं. काल ही सहज म्हणाली, "सगळं ठीक होईल." आईचं बोट वर. ही बावचळून म्हणाली, "मी म्हणाले." आई हसली, आजारपणानंतर पहिल्यांदा.

दुकानात जवळचं वाचून घ्यायला मी जे कार्ड देतो ते तुला आठवतं का? आईने निवडलेलं वाक्य आहे, तिच्या त्या पाइपवाल्यांचं. (बाहेरच्या खोलीतला त्या विचारवंतांचा पाइप ओढतानाचा फोटो अजून तिथेच आहे. लहानपणी आपण त्यांना पाइपवाले म्हणायचो, आता माझीही मुलं तेच म्हणतात.) "मला ठाऊक आहे ते मी तुम्हाला शिकवू शकतो, मला उमगलं आहे ते तुम्हाला माझ्याकडून चोरावं लागेल." वर मोठं अक्षर, मग लहान होत होत जातं आणि त्यांचं नाव येतं अगदी शेवटच्या, सगळ्यात बारीक ओळीत. आईला हे कधी पटलं नाही. "अरे, वाक्य सगळ्यांना दिसतं आणि माणूस कोणालाच दिसत नाही!" मी म्हणायचो, "आई, हे नंबर काढायचं कार्ड आहे." पण परवा एक म्हातारे गृहस्थ आले. चष्मा बदलायचा नव्हता. म्हणाले, "ते वाक्य पुन्हा एकदा वाचायचं होतं. घरी सांगत होतो, पण नेमकं आठवेना. आणि ते कोण म्हणालंय?" मी त्यांना भिंग दिलं. नाव वाचून त्यांनी मान डोलवली आणि मग वाक्य पुन्हा पहिल्यापासून वाचलं. मला आईचं म्हणणं तेव्हा थोडं समजलं.

तुमच्या भांडणात मी कोणाच्या बाजूने बोलणार नाही. तुझ्या त्या सोनेरी कव्हरच्या पुस्तकातली वाक्यं खोटी होती, ती ज्यांच्या नावावर छापली त्यांनी कधी म्हटलीच नव्हती, हे खरं. आणि आईने ते वर्तमानपत्रात पान क्रमांकांसकट लिहिलं, वर "संकलक माझी मुलगी आहे, म्हणून हे सांगणं माझंच काम" असंही लिहिलं, हेही खरं. तू म्हणालीस, वाक्य चांगलं असलं की झालं, कोण म्हणालं याने काय फरक पडतो? ती म्हणाली, खाली नाव असलं की त्या वाक्याला जामीन असतो. प्रकाशकाने पुस्तक मागे घेतलं आणि आपल्या घरातून तू गेलीस. मी ते पुस्तक वाचलंच नाही. घरात शांतता हवी असेल तर काही पुस्तकं न वाचलेलीच बरी.

थेरपिस्ट बाई म्हणतात, लक्षणं चांगली आहेत.

धाकटा


१० मार्च

ताई,

आज मस्करी नाही. मला तुझी गरज आहे. तुझ्या कामातली आहे, म्हणून भाऊ म्हणून नाही तर गिऱ्हाईक म्हणून विचारतोय असं समज.

गेल्या आठवड्यापासून परवापर्यंत आई एकच वाक्य म्हणत होती. बाकीची सगळी सोडून दिली. सकाळी उठली की तेच, औषध घेताना तेच, थेरपिस्ट बाईंनी चित्र दाखवलं तरी तेच:

"चुकणाऱ्याला सोबत तरी मिळते, बरोबर असणाऱ्याला नुसतं बरोबर असणं मिळतं."

म्हणायची आणि माझ्याकडे बघत थांबायची. तिला काहीतरी हवंय. आधी वाटलं, एकटं वाटतंय. मी दुकान दुपारचं बंद ठेवून घरी बसायला लागलो. तर मला हाताने दाराकडे ढकलते, जा म्हणून, आणि पुन्हा वाक्य. मग मला सुचलं की इतर वाक्यांना नाव होतं, याला नाहीये. नाव अडलंय. नाव सापडलं की अर्थ सापडेल.

मोबाइलवर शोधलं तर काय, धडाधड निघालं! फुलांच्या चित्रावर, मावळत्या सूर्यावर, जिकडेतिकडे तेच वाक्य आणि खाली आपले पाइपवाले, फोटोसकट. मी धावत गेलो, "आई, सापडलं! पाइपवाले!" तिने मोबाइल बघितला आणि डाव्या हाताने असा फटका मारला की तो पलंगाखाली गेला. काच तडकली. इतकी चिडलेली मी तिला त्या वर्तमानपत्राच्या वेळीही पाहिली नव्हती.

मग मी आणि हिने तिच्या कपाटातले पाइपवाल्यांचे सगळे खंड काढले. वाटून घेतले, ओळीवर बोट ठेवून शोधलं. नाही. कुठेच नाही. ही तर म्हणाली, "माणूस एवढं बोलला, आपल्याला हवं तेवढंच बोलला नाही."

आणि परवा आईच्या तोंडून एक नवा शब्द आला. स्वतःचा, पाठ केलेला नव्हे! वाक्य म्हणाली, बोट वर केलं आणि मोठ्या कष्टाने म्हणाली, "किल्ली."

आम्ही आनंदाने वेडे झालो. किल्ली! कपाटाची आणली. नाही म्हणून मान हलवली. लोखंडी पेटीची, माळ्याची, दुकानाची, सायकलची, माझ्या लग्नातल्या बॅगेची, ज्या बॅगेला आता कुलूपही नाही तिची. सगळ्या तिच्या पुढ्यात ओतल्या. ती त्या ढिगाकडे बघत राहिली. "किल्ली," म्हणाली, आणि मी म्हणालो, "हो आई, पण कशाची?" तेव्हा तिने तोंड भिंतीकडे फिरवलं.

तेव्हापासून ती बोललेली नाही. वाक्य नाही, नाव नाही, बोटही नाही. थेरपिस्ट बाई मला बाहेर नेऊन म्हणाल्या, "हे फार दिवस चालू देऊ नका. कोणाला काही कळत नाही असं वाटलं की ही माणसं बोलणं सोडून देतात. एकदा सोडलं की परत आणणं अवघड असतं."

ताई, मी घाबरलोय. तू एवढी वाक्यं जमवलीस, खरी-खोटी कशीही असोत. हे कुणाचं आहे? आणि त्यात किल्लीचा काय संबंध? तुला माहीत नसेल तर तसं कळव. पण कळव. आईशी बोलू नकोस हवं तर, मला सांग.

तुझा भाऊ


१९ मार्च

ताई!

तुझं पत्र आलं. मी ते दुकानाच्या दारातच फोडलं, मग शटर ओढून घरी पळालो. या खेपेला ओढलं, लक्षात ठेवून.

"किल्ल्या शोधणं थांबव. किल्ली मी आहे." हे वाचून मी जागच्या जागी इतक्या मोठ्याने हसलो की समोरचा न्हावी वस्तरा घेऊन बाहेर आला. मला कसं ठाऊक असणार! तू लिहितेस की माझ्या जन्माआधीचं नाव आहे, किल्ली दिलेल्या खेळण्यासारखी तू बोलत सुटायचीस म्हणून, आणि शाळेत चिडवतील म्हणून आईने ते पुढे टाकून दिलं. मी जन्मलो तेव्हापासून तू ताईच. एवढ्या किल्ल्या मी तिच्यापुढे ओतल्या आणि जी हवी होती ती बाहेरगावी राहायला गेलेली!

आणि वाक्य तुझं. "माझं नाव खाली घातलं असतं तर कोण वाचणार होतं? म्हणून तिच्या लाडक्या माणसाच्या नावावर खपवलं. लिहिताना तीच डोळ्यापुढे होती. तिने चुका काढण्यापुरतं पुस्तक चाळलं असेल असं मला वाटत होतं." एवढंच लिहिलंस. पुढचं आता मी सांगतो.

आई खिडकीपाशी खुर्चीत होती, बाहेर बघत. मी समोर गुडघ्यावर बसलो. वाक्य मीच म्हटलं, पूर्ण, न अडखळता. तिने वळून बघितलं. मी तर्जनी वर केली, तिची असते तशी, आणि स्वतःच उत्तर दिलं, "किल्ली म्हणाली. आपली ताई."

ताई, तिने माझा चेहरा दोन्ही हातांत धरला. दोन्ही! उजवासुद्धा. आणि रडायला लागली, आणि रडता रडता "हो" म्हणाली. "हो, हो, हो." कितीदा म्हणाली ते मोजायच्या भानगडीत पडलो नाही. ही स्वयंपाकघरातून ओल्या हातांनी धावत आली आणि आम्हाला बघून तीही रडायला लागली, कशासाठी ते विचारायच्या आधीच. मीही रडलो. या वेळी हिने सांगायची गरज नाही, मीच सांगतो.

मग मी विचारलं, "तुला हे तेव्हाच कळलं होतं? पुस्तक वाचतानाच?" मान हलली, हो. "कसं?" तिने खुर्चीच्या हातावर टिचकी मारली, मग पुन्हा, जशी ती निबंध तपासताना एखाद्या ओळीखाली मारायची. म्हणजे अक्षर ओळखावं तसं तिने तुझं वाक्य ओळखलं. "आवडलं होतं?" यावर तिने माझ्याकडे पाढे न येणाऱ्या पोराकडे बघावं तसं पाहिलं. आणि वाक्य म्हणाली. सावकाश, एकेक शब्द चवीने, स्वल्पविरामाला थांबून. शेवटी थांबली, श्वास घेतला आणि नाव घेतलं. तुझं. किल्ली नव्हे, तुझं खरं नाव, जे आपल्या घरात इतकी वर्षं कोणी घेतलं नव्हतं. पहिलं अक्षर अडलं, पण आलं.

तेव्हा मला कळलं की ती इतके दिवस काय करत होती. ती मागे घेत नव्हती काहीच. पाइपवाल्यांनी हे म्हटलं नाही हे तिचं म्हणणं तिथेच आहे, त्यावर ती आजही मोबाइल फोडायला तयार आहे. फक्त तिने चूक दाखवली होती, दुरुस्ती अर्धी राहिली होती. खोटं नाव खोडलं होतं, खरं घालायचं राहिलं होतं.

थेरपिस्ट बाईंना सांगितलं तर त्यांनी पर्स तिथेच टाकली आणि आईला मिठी मारली. आईने त्यांनाही एक वाक्य ऐकवलं. नावासकट. म्हणजे गाडी रुळावर आली.

मला किती हलकं वाटतंय म्हणून सांगू! परवापासून मी गिऱ्हाइकांना नंबर नसताना "तुमचे डोळे उत्तम आहेत" असं सांगून परत पाठवतोय. ही म्हणते, असं चाललं तर दुकानाचं कठीण आहे.

धाकटा


२८ मार्च

ताई,

दोन गोष्टी.

पहिली. दुकानातलं कार्ड बदललं. पाइपवाल्यांचं आहेच, पण दुसरं नवीन छापून घेतलंय, तुझ्या वाक्याचं. आईचं ऐकून या वेळी उलटं केलं. नाव सगळ्यात वर, टपोऱ्या अक्षरांत, जे कोणालाही चष्म्याशिवाय दिसेल. मग वाक्य, लहान होत होत. छापखान्यातला माणूस म्हणाला, "साहेब, हे उलटं झालं." मी म्हणालो, "बरोबर झालं." काल ते म्हातारे गृहस्थ पुन्हा आले. नवं कार्ड वाचलं आणि विचारलं, "या बाई कोण? मोठ्या विचारवंत दिसतात." मी म्हणालो, "माझी बहीण आहे." ते म्हणाले, "मग तर खरंच म्हटलं असेल." आणि वाक्य दोनदा म्हणून पाठ करून गेले. तू म्हणाली होतीस, तुझं नाव असतं तर कोणी वाचलं नसतं. एक जण तरी वाचून गेला, एवढं लक्षात असू दे.

कार्ड आईलाही नेऊन दाखवलं. तिने हातभर लांब धरलं, मग जवळ आणलं, आणि शेवटच्या बारीक शब्दापर्यंत वाचलं, चष्मा न लावता. डोळ्यांची मला आता काळजी नाही.

दुसरी. तुझ्या दुसऱ्या पत्रात तू विचारलंयस, "मी यावं असं ती स्वतः म्हणाली का, की हे सगळं तुझंच?" शंका रास्त आहे. मी तुझ्या जागी असतो तर मीही बोट वर केलं असतं. तेव्हा आईच्या नियमाने, सगळं रीतसर लिहितो. तुझं पत्र मी तिला वाचून दाखवलं. त्यावर तिने बराच वेळ शब्द शोधले. कोणत्याही ग्रंथातले नाहीत, फळ्यावरचे नाहीत, पाठ केलेले नाहीत. तिचे स्वतःचे, आणि दोनच:

"ये. भांडू."

कोण म्हणालं: आई. कुठे: खिडकीपाशी, वेताच्या खुर्चीत. कधी: आज सकाळी, चहा निवत असताना. शब्दात फेरफार केलेला नाही. खात्री करून घ्यायची असेल तर मूळ साधन सुस्थितीत आहे आणि तुझीच वाट बघतंय.

पलंगावर नवी चादर घातली आहे.

धाकटा